बाथ बॉम्ब घरी बनवताना: घटक, सुरक्षितता आणि बादलीचा हिशेब (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

गेली काही वर्षं मी पुण्यात घरच्या घरी बाथ बॉम्ब बनवते आणि ओळखीच्या बायकांना, कधी त्यांच्या शाळकरी मुलांना शिकवते. तेच ते प्रश्न इतक्या वेळा आले की एकदाच लिहून काढावेत असं ठरवलं. इंटरनेटवर सापडणाऱ्या बहुतेक कृती थंड, कोरड्या हवेच्या देशातल्या आणि दीडशे लिटरच्या टबासाठी लिहिलेल्या असतात. आपल्याकडे बादली असते आणि चार महिने पाऊस असतो. घटक तेच राहिले तरी प्रमाण आणि काळजी बदलते. खालच्या बऱ्याच उत्तरांमागे हीच एक गोष्ट आहे.

बाथ बॉम्ब म्हणजे नक्की काय? नावात बॉम्ब आहे म्हणून घरचे घाबरतात.

घाबरण्यासारखं काही नाही. खाण्याचा सोडा आणि सायट्रिक अ‍ॅसिड कोरडे मिसळून, थोडं तेल घालून दाबलेला हा गोळा. पाण्यात टाकला की दोघांची गाठ पडते, कार्बन डायऑक्साइड सुटतो आणि गोळा फसफसत विरघळतो. पोट बिघडल्यावर आपण इनोची पुडी पाण्यात टाकतो तेव्हा होतं तेच. इंग्लंडमध्ये डॉर्सेट भागात मो कॉन्स्टन्टाइन यांनी १९८९ साली आपल्या बागेतल्या शेडमध्ये पहिला बाथ बॉम्ब बनवला, आणि त्यांनाही कल्पना सुचली ती पाण्यात फसफसणाऱ्या अल्का-सेल्ट्झरच्या गोळीवरूनच. पुढे त्यांच्या लश कंपनीने तो जगभर नेला.

विरघळल्यावर पाण्यात उरतं ते सोडियम सायट्रेट नावाचं साधं क्षार, थोडा शिल्लक सोडा, आणि तुम्ही हौसेने घातलेलं बाकी सगळं. त्रास झालाच तर बहुधा या ‘बाकी सगळ्या’मुळे होतो.

आमच्याकडे टब नाही. बादलीत टाकला तर चालेल का?

चालेल, पण अख्खा नको. हा प्रश्न मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो आणि तो सगळ्यात कमी विचारला जातो.

बाजारात मिळणारा मोठा गोळा साधारण १०० ग्रॅमचा किंवा त्याहून जड असतो. १५० लिटरच्या टबात तो टाकला तर लिटरमागे जेमतेम पाऊण ग्रॅमही पडत नाही. तोच गोळा १५ लिटरच्या बादलीत टाकला की लिटरमागे साडेसहा ग्रॅमच्या वर जातं, म्हणजे दहापट. सोडा दहापट, रंग दहापट, सुगंधी तेलही दहापट. ‘टबात कुणाला काही झालं नाही, मलाच का खाज सुटली’ याचं उत्तर बऱ्याचदा इथे असतं.

म्हणून बादलीसाठी गोळा १० ग्रॅमचा करायचा, बोरापेक्षा जरासा मोठा. मोठा विकत आणला असेल तर सुरीने तुकडे करा आणि उरलेले डब्यात ठेवा. फेस टबासारखा उसळणार नाही, हे आधीच मान्य करून टाका. खरी मजा पाय बुडवून बसण्यात आहे: प्लास्टिकच्या टबात पाच-सहा लिटर कोमट पाणी आणि त्यात असाच एक गोळा. पायांची कातडी जाड असते, तिथे थोडं जास्त प्रमाण चालून जातं. घरात मधुमेह असलेलं कुणी असेल तर पाण्याची ऊब दुसऱ्याने कोपर बुडवून बघावी. त्यांच्या पायांना चटका कळत नाही, आणि पायाला जखम असेल तर हा प्रकार नकोच.

सोडा कोणता घ्यायचा? वाण्याकडे तीन-चार प्रकार मिळतात.

खाण्याचा सोडा, म्हणजे सोडियम बायकार्बोनेट. पुडीवर तेवढंच नाव असलं पाहिजे.

धुण्याचा सोडा दिसायला तसाच पांढरा असतो, पण तो सोडियम कार्बोनेट. त्याच्या पाण्याचा पीएच ११ च्या आसपास जातो, तर खाण्याच्या सोड्याचा साधारण ८.३ वर थांबतो. हा फरक कातडीला लगेच कळतो. सुट्या पिशवीतून ‘सोडा द्या’ म्हणून आणलेली पावडर वापरू नका. पापडखारही नको, तो खाण्याच्या सोड्यापेक्षा तीव्र असतो आणि त्यात नेमकं काय किती, हे पुडीवर क्वचितच लिहिलेलं असतं. बेकिंग पावडर नको, कारण तिच्यात सोड्याबरोबर आम्ल आणि स्टार्च आधीच घातलेलं असतं आणि सगळं प्रमाण चुकतं. कॉस्टिक सोड्याचा तर इथे काही संबंधच नाही. तो साबणासाठी लागतो, कातडी भाजतो, आणि त्याची बाटली या सामानाच्या शेजारीसुद्धा ठेवू नये.

सायट्रिक अ‍ॅसिड हे ‘अ‍ॅसिड’ आहे. अंग भाजणार नाही का?

वाणी ज्याला लिंबूसत्त्व किंवा लिंबूफूल म्हणतो तेच हे. सरबतात घालतो, चिवड्याला आंबटपणा आणायला वापरतो. पाण्यात गेल्यावर सोडा त्याला शांत करतो.

हिशेब असा आहे: १०० ग्रॅम सोड्याला पुरतं शांत व्हायला ७६ ग्रॅम सायट्रिक अ‍ॅसिड लागतं. नेहमीची कृती दोनास एक अशी असते, म्हणजे १०० ग्रॅमला ५०. त्यामुळे सगळं आम्ल संपतं आणि एक तृतीयांशाच्या आसपास सोडा शिल्लक राहतो. पाणी किंचित अल्कधर्मी होतं, पण नेहमीच्या अंघोळीच्या साबणाइतकं नाही; साबणाचा पीएच ९ ते १० असतो. जास्त फसफसावं म्हणून आम्ल वाढवत नेलं आणि ते सोड्याला भारी पडलं, की पाणी आंबट होतं आणि मग दाढी केलेली, वॅक्सिंग केलेली किंवा खरचटलेली जागा चुरचुरते.

धोका पाण्यातल्या आम्लाचा नसतो, कोरड्या पावडरीचा असतो. बारीक सायट्रिक अ‍ॅसिड उडून डोळ्यांत गेलं तर जबरदस्त झोंबतं, नाकात गेलं की शिंका आणि खोकला सुरू. चाळताना मास्क आणि साधा चष्मा लावा आणि पंखा बंद ठेवा. डोळ्यांत गेलंच तर चोळू नका. नळाच्या हलक्या धारेखाली पंधरा मिनिटं डोळा धुवा, कॉन्टॅक्ट लेन्स असेल तर काढा, आणि तरीही लाली किंवा दुखणं राहिलं तर डॉक्टरांकडे जा.

बंद बाथरूममध्ये गॅस साचून गुदमरायला होईल का?

नाही. १०० ग्रॅमच्या गोळ्यातून साधारण १० लिटर कार्बन डायऑक्साइड निघतो. चार बाय सहा फुटांच्या, आठ फूट उंच बाथरूममध्ये पाच हजार लिटरच्या वर हवा असते. म्हणजे सगळा गॅस आत कोंडला तरी ०.२ टक्के. कारखान्यात आठ तास काम करणाऱ्यांसाठी ०.५ टक्के ही मर्यादा धरतात. बादलीतल्या लहान गोळ्यातून तर एकच लिटर निघतो.

बाथरूममध्ये जीव जातो तो दुसऱ्याच गॅसने. गॅस गिझर आत बसवलेला असेल आणि हवा यायला-जायला जागा नसेल, तर त्यातून कार्बन मोनॉक्साइड साचतो. त्याला वास नाही, रंग नाही. बाथ बॉम्बच्या निमित्ताने लोक दार-खिडकी लावून जास्त वेळ आत बसतात, म्हणून मुद्दाम सांगते: गॅस गिझर बाथरूमच्या बाहेरच हवा. तो आत असेल तर आधी बादली भरा, गिझर बंद करा, खिडकी उघडा.

काही कृतींमध्ये बोरॅक्स घालायला सांगतात. घालू का?

नको. बोरॅक्स म्हणजे टाकणखार. गोळा कडक व्हावा, पाणी मऊ व्हावं म्हणून काही जुन्या कृतींमध्ये तो असतो. बोरॉनची ही संयुगं प्रजननक्षमतेला आणि गर्भाला घातक म्हणून युरोपात वर्गीकृत आहेत, आणि सोललेल्या, फाटलेल्या कातडीतून शरीरात जातात. त्याच्यावाचून काही अडत नाही. घरात कॅरमची बोरिक पावडर असेल तर तीही ‘पांढरीच तर आहे’ म्हणून मिश्रणात जाऊ देऊ नका. एका वर्गात हे खरोखर होता होता राहिलं.

एप्सम सॉल्टने अंगदुखी जाते का?

एप्सम सॉल्ट म्हणजे मॅग्नेशियम सल्फेट. इंग्लंडमधल्या एप्सम गावाच्या झऱ्यावरून नाव पडलं. कोमट पाण्यात बसून बरं वाटतं ते बहुतांशी कोमट पाण्याने. कातडीतून मॅग्नेशियम भरपूर आत जातं या दाव्याला भक्कम आधार नाही. पाण्यात घालायला निर्धोक आहे, पिऊ मात्र नये. ते रेचक आहे. आणखी एक अडचण: त्याच्या वजनातला निम्मा भाग पाणी असतो. आपल्या दमट हवेत त्यामुळे गोळे लवकर बिघडतात. मी घालत नाही.

कॉर्नफ्लोअर आणि फेस येणारी पावडर?

कॉर्नफ्लोअर फसफसणं जरा संथ करतं आणि गोळा गुळगुळीत करतं. त्याने बुरशीचा संसर्ग वाढतो अशी भीती घातली जाते, तिला फारसा पुरावा नाही. तरी ज्यांना तो त्रास वारंवार होतो त्यांनी वगळलं तर बिघडत नाही.

फेसासाठी एसएलएसए, म्हणजे सोडियम लॉरिल सल्फोअ‍ॅसिटेट वापरतात. पाण्यात ते बरंच सौम्य आहे, पण कोरडी पावडर घशाला अक्षरशः सोलते. मी एकदा मास्कशिवाय डबा उघडला होता आणि संध्याकाळपर्यंत खोकत बसले. नवशिक्यांनी आणि दमा असलेल्यांनी याच्या वाटेला जाऊ नये.

रंग कोणता वापरायचा? घरात रंगपंचमीचे उरलेत.

ते तिथेच राहू द्या. होळी-रंगपंचमीचे रंग, रांगोळीचे रंग, बाजारी कुंकू, कापडाचे रंग, यांतलं काहीही नको. रांगोळीच्या रंगात काय आहे याची चौकशी कुणी करत नाही, कारण त्यात कुणी अंघोळ करत नाही.

भारतात खाद्यपदार्थांसाठी आठ कृत्रिम रंगांना परवानगी आहे, टारट्राझीन, सनसेट यलो, ब्रिलियंट ब्लू वगैरे. त्यांची कंपनीची सीलबंद बाटली घ्या. बाजारातल्या सुट्या पुडीतला झगझगीत गुलाबी रंग घेऊ नका. रोडामाइन बी हा कापडाचा रंग ‘म्हातारीच्या केसां’मध्ये सापडला म्हणून तमिळनाडूने फेब्रुवारी २०२४ मध्ये त्या मिठाईवर बंदी घातली, हे आठवत असेल. प्रमाण म्हणाल तर अर्ध्या किलो मिश्रणाला दोन बोटांच्या चिमटीपेक्षाही कमी. बादलीत रंग दहापट गडद दिसतो, आणि जास्त झाला की नखं, टाचेच्या भेगा आणि बादली, तिन्ही रंगतात.

स्वयंपाकघरातले रंग जास्त गमतीचे आहेत. हळद घातलीत तर गोळा पिवळा राहील, पण पाण्यात पडल्यावर शिल्लक सोड्यामुळे तिची छटा लालसर होईल. हळदीला खार लागला की ती लाल होते. घरगुती कुंकू हळदीपासून करतात ते याच गुणावर. गोकर्णाच्या वाळवलेल्या फुलांची पूड आम्लात जांभळी आणि सोड्यात निळी-हिरवट दिसते, म्हणजे गोळा विरघळताना रंग बदलतो. मुलांना हे फार आवडतं. पूड मात्र वस्त्रगाळ हवी, नाहीतर अंगावर कोंडा चिकटल्यासारखं दिसतं. सुकलेल्या गुलाबपाकळ्या फोटोपुरत्या ठीक. अंघोळ झाल्यावर मोरीची जाळी तुम्हालाच साफ करायची आहे.

चमकी घालू का?

हस्तकलेची चमकी प्लास्टिकची असते. ती कातडीला टोचते, डोळ्यांत जाते आणि नाल्यातून पुढे नदीत. युरोपीय संघाने १७ ऑक्टोबर २०२३ पासून सुट्या प्लास्टिक चमकीच्या विक्रीवर बंधन घातलं आहे. चकाकी हवीच असेल तर सौंदर्यप्रसाधनांसाठीची अभ्रकाची पूड मिळते, शक्यतो कृत्रिम अभ्रक. खाणीतल्या अभ्रकामागे झारखंडच्या कोडरमा-गिरिडीह भागातल्या बालमजुरीचा जुना प्रश्न आहे.

सुगंधासाठी किती थेंब टाकायचे? नैसर्गिक तेल असेल तर जास्त चालेल ना?

नैसर्गिक म्हणून जास्त चालत नाही. लवंग, दालचिनी ही पूर्णपणे नैसर्गिक तेलं आहेत आणि कातडीवर कच्ची लागली तर भाजल्यासारखी आग होते. मिश्रणाच्या एकूण वजनाच्या अर्धा टक्का सुगंध पुरतो. १८० ग्रॅम मिश्रणाला सुमारे एक मिलिलिटर, म्हणजे वीसेक थेंब. नाक सरावतं म्हणून बनवणाऱ्याला कमी वाटतं. दहा मिनिटं बाहेर फिरून या आणि परत वास घ्या.

तेल पाण्यात विरघळत नाही, वर तरंगतं. टबात ते पसरतं तरी. बादलीत मात्र पहिल्या तांब्यात वरचं सगळं तेल येतं आणि ते थेट डोक्यावर, चेहऱ्यावर किंवा खांद्यावर पडतं. म्हणून गोळा पूर्ण विरघळल्यावर हाताने पाणी चांगलं ढवळा, आणि ते पाणी चेहऱ्यावर घेऊ नका. पॉलिसॉर्बेट ८० नावाचा घटक तेल पाण्यात मिसळून धरतो. सुगंधाइतकाच तो घातला तर हा त्रास कमी होतो आणि बादलीच्या कडेला रंगाचं कडंही बसत नाही.

मी लॅव्हेंडर किंवा वाळा वापरते. लवंग, दालचिनी, ओवा टाळते. अगरबत्तीसाठी विकलं जाणारं सुगंधी तेल, रूम फ्रेशनर, कपड्यांना लावायचं अत्तर ही तेलं पाण्यावाटे अंगभर जायला बनवलेली नसतात, ती नकोत.

निलगिरी, पुदिना आणि कापूर लहान मुलांच्या गोळ्यात मुळीच नको. कापूर पोटात गेला तर लहान मुलांना आकडी येऊ शकते. जीसिक्सपीडी या लाल रक्तपेशींतल्या एन्झाइमची कमतरता असलेल्या बाळांना कापूर, मेन्थॉल आणि डांबराच्या गोळ्या या तिन्हींपासून लांब ठेवायला डॉक्टर सांगतात. ‘सर्दी झालीय, वाफ पण होईल’ म्हणून बादलीत कापूर टाकायची सवय आपल्याकडे आहे, म्हणून हे जरा लांबवून सांगितलं.

बाळासाठी, गरोदरपणात, इसब असताना चालेल का?

तीन वर्षांखाली नकोच. त्यापुढच्या मुलांना बिनरंगी, बिनवासाचा लहानसा गोळा कधीतरी द्यावा. पाण्यात पंधरा मिनिटांपेक्षा जास्त बसवू नये आणि नंतर साध्या पाण्याने धुवावं. फेस आणि सुगंधाच्या पाण्यात बसल्याने मुलींच्या नाजूक भागाला जळजळ होते, लघवीला दुखतं. बायकांनाही होतं. वारंवार संसर्ग होणाऱ्यांनी बसून अंघोळ करण्याऐवजी पाय बुडवण्यावर समाधान मानावं.

गरोदरपणात गोळ्यापेक्षा पाण्याची उष्णता जास्त महत्त्वाची. कडक गरम पाण्यात बसून राहू नये, अंगाला कोमट लागेल इतकंच. सुगंधी तेलं डॉक्टरांना विचारल्याशिवाय नकोत. इसब, सोरायसिस, ताजी जखम, उन्हाने भाजलेली कातडी असताना थांबा. नवीन गोळा पहिल्यांदा वापरताना चिमूटभर चुरा वाटीभर पाण्यात विरघळवून कोपराच्या आतल्या बाजूला लावा आणि चोवीस तास बघा.

मुलाने चाटला किंवा खाल्ला तर?

हे माझ्या घरी झालंय, आणि चूक माझी होती. मोदकाच्या साच्यातून गुलाबी गोळे काढले, गणपतीचे दिवस होते, ताटलीत मांडून ठेवले. भाच्याने एक उचलून तोंडात घातला. तोंडाला फेस आला, तो घाबरला, सगळं घर घाबरलं. चूळ भरायला लावली, थोडं पाणी दिलं, काही झालं नाही.

चाटण्याने बहुधा एवढंच होतं. तुकडा गिळला असेल तर उलटी करवू नका. तोंड धुवा, घोटभर पाणी द्या, आणि गोळ्यात काय काय होतं ते घेऊन डॉक्टरांना फोन करा. सोडा जास्त गेला तर पोट फुगतं, उलट्या होतात. लहान मुलांच्या रक्तातल्या क्षारांचं प्रमाणही बिघडू शकतं. कापूर, निलगिरीसारखं तेल होतं, मूल सुस्त झालं किंवा श्वास लागला, तर वाट न बघता १०८ लावा. दिल्लीच्या एम्समधल्या राष्ट्रीय विष माहिती केंद्राचा निःशुल्क क्रमांक १८०० ११६ ११७ आहे.

तेव्हापासून मोदक, पेढा, लाडू हे आकार मी बंद केले. चौकोनी पाडते, आणि डब्यावर मोठ्या अक्षरात ‘खायचे नाही’ लिहिते.

बादलीसाठी तुमची नेहमीची कृती सांगाल का?

खाण्याचा सोडा १०० ग्रॅम, बारीक सायट्रिक अ‍ॅसिड ५० ग्रॅम, कॉर्नफ्लोअर २५ ग्रॅम, खोबरेल ८ ग्रॅम, सुगंधी तेल जास्तीत जास्त १ मिलिलिटर. यात १० ग्रॅमचे अठराएक गोळे होतात. वाटीच्या मापाने करू नका, वजनकाटा घ्या. वाटीत सोडा दाबून भरला की प्रमाण कुठच्या कुठे जातं.

कोरडं सगळं चाळून घ्या. खोबरेल पातळ करून त्यात सुगंध मिसळा आणि कोरड्यात घालून बोटांनी चोळा. आता मूठ दाबून बघा. रव्याच्या लाडवाचं मिश्रण आधी कोरडं लागतं आणि दाबल्यावर धरतं, तसं झालं पाहिजे. धरत नसेल तर स्प्रेच्या बाटलीतून आयसोप्रोपिल अल्कोहोलचा एखादा फवारा. पाण्याने लगेच फसफसतं, अल्कोहोलने नाही. पण ते पेट घेतं, म्हणून गॅसच्या ओट्यावर, देवाच्या दिव्याजवळ हे काम करू नका, आणि खिडकी उघडी असू द्या. साच्यात घट्ट दाबा, काढा, आणि ताटात कागदावर एक-दोन दिवस वाळू द्या.

मिश्रण हाताला गार लागतं, त्याची काळजी नको. ही क्रिया उष्णता सोडत नाही, ओढून घेते. हात नाजूक असतील तर हातमोजे घाला; कोरडं आम्ल तासभर चोळत बसलं की बोटं फुटतात.

पावसाळ्यात गोळे फुगतात, त्यांच्यावर चामखिळीसारखे फोड येतात. काय चुकतं?

तुमचं काही चुकत नाही. हवेतला ओलावा गोळ्यात शिरतो आणि आतल्या आत क्रिया सुरू होते. माझं सासर चिपळूणचं. तिथे जुलैत एकदा हट्टाने केले, सकाळी ताटात पुऱ्या फुगल्यासारखे दिसले. असे गोळे वापरायला अपायकारक नसतात, फक्त त्यांचा दम आधीच निघून गेलेला असतो. कोकण, मुंबई, गोव्यात जून ते सप्टेंबर हा उद्योग नको. दिवाळी ते होळी हा उत्तम काळ. थंडीत खोबरेल २४ अंशांखाली गोठतं, त्यामुळे गोळा कडकही छान होतो.

काचेच्या बरणीत बंद करून ठेवले तर चालेल?

पूर्ण वाळले असतील तर. ओलसर गोळा किंवा ओलं मिश्रण घट्ट झाकणाच्या काचेच्या बरणीत कधीही ठेवू नका. थोड्याशा मिश्रणातूनही काही लिटर गॅस निघतो आणि त्याला बाहेर जायला वाट नसेल तर झाकण उडतं किंवा काच फुटते. ‘बॉम्ब’ हे नाव खरं ठरण्याची शक्यता असलेली ही एकमेव जागा. दोन दिवस उघड्यावर वाळवा, मग प्लास्टिकच्या साध्या डब्यात सिलिका जेलच्या पुडीसह ठेवा, तीन-चार महिन्यांत संपवा.

तांब्याच्या घंगाळात टाकू का? आणि दिवाळीत अभ्यंगस्नानाला?

तांब्या-पितळेत आणि अ‍ॅल्युमिनियममध्ये नको. आम्ल धातूला लागतं. स्टील, प्लास्टिक, काच चालतं. साच्यांनाही हाच नियम.

अभ्यंगस्नानाला मी मोह आवरते. अंगाला आधीच तेल, फरशीवर उटण्याचा चिकटा, त्यात गोळ्यातलं खोबरेल. पहाटे अर्धवट झोपेत घसरून पडायला एवढं पुरे. करायचंच तर तेलाशिवायचा गोळा घ्या आणि मोरीत रबरी चटई टाका.

तयार विकत घेताना लेबलावर काय बघू?

घटकांची पूर्ण यादी आहे का, बॅच क्रमांक आणि कधीपर्यंत वापरायचं ते लिहिलंय का, उत्पादकाचा परवाना क्रमांक आहे का. सीआय म्हणजे कलर इंडेक्स, रंगाचा क्रमांक: सीआय ४२०९० म्हणजे ब्रिलियंट ब्लू, सीआय १९१४० म्हणजे टारट्राझीन. हे आकडे बघून दचकू नका. लिनालूल, लिमोनिन ही सुगंधातल्या घटकांची नावं. ज्यांना सुगंधाची अ‍ॅलर्जी आहे त्यांच्यासाठी ती छापतात. यादीऐवजी नुसतं ‘शंभर टक्के नैसर्गिक, केमिकलविरहित’ लिहिलेलं असेल तर परत ठेवा. खाण्याचा सोडाही केमिकलच आहे.

छान जमलेत. प्रदर्शनात विकू का?

भारतात अंघोळीची अशी उत्पादनं सौंदर्यप्रसाधनांत मोडतात. औषधे व सौंदर्यप्रसाधने कायदा १९४० आणि सौंदर्यप्रसाधने नियम २०२० यांनुसार विक्रीसाठी बनवायला परवाना लागतो. महाराष्ट्रात तो अन्न व औषध प्रशासन देतं. घरच्या ओट्यावर बनवून बचत गटाच्या स्टॉलवर ठेवणं सर्रास चालतं, म्हणून ते कायदेशीर होत नाही. परवानाधारक कारखान्याकडून त्यांच्या जागेत बनवून घेण्याचा, म्हणजे लोन लायसन्सचा मार्गही आहे. ब्रिटनमध्ये राहणाऱ्या एकीने विचारलं होतं: तिथे विक्रीआधी प्रत्येक कृतीचा सुरक्षितता अहवाल पात्र तज्ज्ञाकडून करून घ्यावा लागतो, घरगुती असली तरी. भेट म्हणून द्यायला अडचण नाही. सोबत घटकांची चिठ्ठी ठेवा.

मिश्रण बिघडलं, गोळे फुटले. फेकून देऊ का?

अजिबात नाही. चुरा बरणीत न ठेवता कागदी पिशवीत ठेवा आणि चमचाभर पायाच्या टबात टाका. रंग-वास जास्त झाला असेल तर रात्री वॉशबेसिनच्या जाळीवर टाकून वर गरम पाणी ओता. आमच्या घरात सगळ्यात स्वच्छ बेसिन वर्ग घेतल्याच्या दुसऱ्या दिवशी असतं.